साडेपंधराचा गळा

शर्टांच्या कारखान्यात तिला सगळे कॉलरमावशी म्हणत. तिला नाव होतं, पण ते पगाराच्या दिवसापुरतं. तिथे एका बाईने अख्खा शर्ट शिवायचा, अशी पद्धतच नव्हती. कुणी बाह्या जोडी, कुणी खिसा लावी, कुणी काजं करी. ही कॉलर करी. वीसेक वर्षांत तिने कॉलरीखेरीज काही केलं नव्हतं. कापडाच्या दोन पदरांत बकरमचं कडक अस्तर घालायचं, टीप मारायची, उलटवायचं, टोकं काडीने बाहेर काढायची, खालची पट्टी जोडायची आणि ते सगळं शर्टाच्या गळ्यावर चढवायचं. कापणारे मास्तर गळ्याचा गोल मुद्दाम लहान ठेवत. कॉलरच्या मापाने तो कोरून मोठा करायचं काम तिचंच. नव्या पोरींना ती पहिल्याच दिवशी बजावे, "गळा एकदा जास्त कोरला की संपलं. वाढवता येतो, कमी करता येत नाही. आयुष्यातही बरंच काही असंच असतं म्हणा, पण त्याचे पैसे कापत नाहीत. गळ्याचे कापतात."

माणूस दिसला की तिला आधी त्याचा गळा दिसे. बसमध्ये समोर बसलेला साहेब सोळाचा आहे, पण पंधराची कॉलर घालून बसलाय, म्हणूनच एवढा चिडचिडा दिसतोय, असं ती शेजारी बसलेल्या काजवालीच्या कानात सांगे. काजवाली हसून हसून खिडकीवर डोकं टेकी.

काजवाली तिची मैत्रीण. कारखान्यातही पलीकडच्याच मशीनवर. तिची जीभ काज पाडणाऱ्या पात्यासारखी होती, एका झटक्यात आरपार. तरी मनातलं सांगायला तिच्याइतकं दुसरं कुणी नव्हतं. म्हणून सून लग्न करणार आहे, हे कॉलरमावशीने आधी तिलाच सांगितलं.

"कुणाची सून?"

"माझी. मला काय दहा सुना आहेत?"

काजवालीने मशीन थांबवलं. "कुणाशी?"

"लिफ्ट दुरुस्त करणारा आहे एक. ती काम करते त्या औषधांच्या दुकानाच्या इमारतीत येतो."

"आणि तू काय म्हणालीस?"

"कर म्हणाले."

"तोंडाने म्हणालीस की मनाने?"

"तोंडाने म्हटलं. मन येतंय मागून, सावकाश," कॉलरमावशी म्हणाली आणि पुढची कॉलर उलटवायला घेतली.

तिचा मुलगा जाऊन तीन वर्षं होत आली होती. तो रंगाच्या कारखान्यात होता. आधी खोकला, मग धाप, मग दीड वर्ष अंथरूण. तो गेल्यावर सून कुठेच गेली नाही. दोन खोल्यांच्या त्या घरात सासू, सून आणि पोर अशा तिघी राहिल्या. पोरीला घरात मुंगी म्हणत, कारण रांगायला लागल्यापासून ती आजीच्या मशीनखाली पडलेली बटणं, दोरे, चिंध्या एकेक करून गोळा करी आणि पत्र्याच्या डब्यात साठवी. आता मुंगी सहा वर्षांची होती. डबा भरत आला होता.

लग्नाचं सांगताना सून हसली होती. "लिफ्ट बंद पडायची आणि हे यायचे. पुढे पुढे मला वाटायला लागलं, लिफ्ट मुद्दामच बंद पडतेय." तीन वर्षांत तिला असं हसताना सासूने पाहिलं नव्हतं. त्या हसण्याला नाही म्हणायला छाती लागते, आणि ती हिच्याकडे नव्हती. शिवाय सुनेच्या तोंडी 'हे' आलं होतं. तीन वर्षं तो शब्द घरात कुणी वापरला नव्हता. आता तो उचलून दुसऱ्या माणसाला दिला गेला होता, आणि त्यात कुणाची काही चूकही नव्हती.

काळजी होती ती मुंगीची. सून जाणार म्हणजे मुंगी जाणार, नदीपलीकडे, त्याच्या घरी. नातवंडाला दुधावरची साय म्हणतात. इथे दूध कधीच गेलं होतं, साय तेवढी उरली होती, आणि आता तीही कुणी चमच्याने हळूच उचलून नेत होतं. दर रविवारी मुंगीला आणून सोडीन, असं सून म्हणाली होती. तिच्या शब्दावर हिचा विश्वास होता, पण शब्द पाळायचा तर घरातल्या माणसाची मर्जी लागते. तो माणूस हिला फारसा ठाऊक नव्हता. दोनदा आला होता. बुटका, रुंद, मान जवळजवळ नसलेला, हाताच्या रेघांत काळं वंगण. चहा पिताना कप दोन्ही हातांनी धरून बसला होता, जणू तो पडला तर लग्न मोडेल. वाईट दिसला नाही. पण वाईट न दिसणं आणि म्हातारीसाठी दार उघडं ठेवणं यात अंतर असतं.

म्हणून तिच्या डोक्यात भेटीचं आलं. लग्नात त्याला असं काही द्यायचं, की ते कपाटात जाऊन पडणार नाही. रोज नाही तरी चार दिवसांनी त्याच्या अंगाला लागेल, आणि लागलं की त्याला आठवेल, की पलीकडे एक बाई आहे आणि ही पोर तिचीही आहे. ही एवढी अपेक्षा, आणि हातात पैसे बेताचे. घराचं भाडं पुढच्या महिन्यापासून तिला एकटीला भरायचं होतं.

ती आणि काजवाली बाजारात गेल्या. आधी घड्याळ पाहिलं. बऱ्यापैकी होतं त्याची किंमत पाहून काजवाली म्हणाली, "ह्यात वेळ वेगळी दाखवतात का गं?" परवडणारं होतं त्याचा काटा दुकानातच थांबलेला. पाकीट पाहिलं. "रिकामं पाकीट देशील तर टोमणा वाटेल, भरून द्यायला तुझ्याकडे नाहीत," काजवालीने निकाल दिला. पट्टा पाहिला, पण कमरेचं माप कुणाला ठाऊक? शेवटी फोटोची एक चौकट तिला आवडली, साधी, लाकडी. दोघी जरा वेळ तिच्याकडे पाहत राहिल्या, आणि मग दोघींच्याही एकदमच मनात आलं की आपल्या घरातून गेलेल्या चौकटीत तो माणूस कुणाचा फोटो लावणार. तिने ती खाली ठेवली.

दुकानदार जुना, गोडबोल्या. "नवरदेव तुमचे कोण लागतात, ते सांगा. मी नात्याप्रमाणे दाखवतो."

तिला सांगता येईना. मुलीचा नवरा जावई. बहिणीचा मेहुणा. हा कोण?

"माझ्या सुनेचा नवरा," ती शेवटी म्हणाली.

"अहो, म्हणजे तुमचा मुलगाच की!" दुकानदार खळखळून हसला. "असं कोड्यात काय सांगता?"

काजवालीने तिचं कोपर धरलं आणि तिला ओढत बाहेर आणलं. दोघींनी रस्ता ओलांडला. मग काजवाली म्हणाली, "त्याच्या दुकानात काही चांगलं नव्हतंच."

तोडगा मास्तरांनी काढला. मास्तर एका कानाने बहिरे होते आणि बायकांचं बोलणं बरोबर दुसऱ्या कानाने ऐकत. जेवणाच्या सुट्टीत डबा पुसत ते म्हणाले, "घड्याळं न् पाकिटं कसली शोधता? शर्ट द्या. मोठ्या ऑर्डरीतला एक तुकडा उरलाय, निळसर, बारीक रेघांचा. असलं कापड दुकानात घ्यायला गेलात तर पळून याल. मालकांना सांगून तुकड्याच्या भावात देववतो. मी कापतो. बाकी बाया आहेतच."

"मी फक्त कॉलर करते, मास्तर. अख्खा शर्ट मला येतो कुठे?"

"इथे कुणाला येतो? मलाही नाही येत. मी कापतो नि सोडून देतो." ते हसले. "सगळ्यांनी एकेक भाग करा. काजं ही करील, फुकट."

"फुकट करीन," काजवाली म्हणाली, "पण सुनेच्या नवऱ्याला आहेर देणारी सासू जगात एकच, आणि ती माझ्याच शेजारी बसायची होती. माझं नशीब बघा."

"माप आणा मात्र," मास्तर म्हणाले. "नजरेने कापणार नाही."

सुनेने त्याचा एक जुना शर्ट पिशवीत घालून आणला. कशाला, ते तिला सांगितलं नव्हतं, पण शर्टांच्या कारखान्यातली बाई जुना शर्ट मागते तेव्हा फार विचार करावा लागत नाही. ती नुसती म्हणाली, "आई, उगाच खर्चात पडू नका." शर्टाला वंगणाचा वास होता आणि घरात कधी न आलेल्या एका साबणाचा. सासूने तो कारखान्यात मशीनवर पसरून टेप लावली. छाती, खांदा, बाही. गळा साडेसोळा. तिने ते खडूने फळीवर लिहिलं, मास्तरांना मोठ्याने वाचून दाखवलं, आणि मास्तरांनीही परत मोठ्याने म्हटलं.

मग तो शर्ट हळूहळू झाला. कुणी पाठ आणि खांदे जोडले, कुणी बाह्या लावल्या, कुणी खिसा असा लावला की रेघ रेघेला मिळाली आणि खिसा दिसेनासा झाला. सुट्टीत एक बाई शिवे आणि बाकीच्या भोवती उभ्या राहून डबे खात. "नवरदेव दिसायला कसा आहे गं?" कुणीतरी विचारलं. "शर्टासारखा," कॉलरमावशी म्हणाली, "रुंदीला जास्त, उंचीला कमी." सगळ्या हसल्या. तीही हसली. तिला त्या दिवसांत बरं वाटत होतं. आपल्या माणसांच्या हातून काहीतरी पलीकडे जातंय, असं वाटत होतं.

कॉलर शेवटी. तिने ती मन लावून केली. हात कामाला लागले की तिचं मन कुठेही जाई, तसं त्या दिवशीही गेलं. तिला मुलाच्या कॉलरी आठवल्या. त्याचे सगळे शर्ट कारखान्यातून सवलतीत आणलेले, आणि कॉलर दर वेळी तिने काढून स्वतः केलेली. गळा साडेपंधरा. विसाव्या वर्षापासून साडेपंधरा. आजारात मान उतरली. मान कॉलरीत मडक्यात ठेवलेल्या काडीसारखी दिसायला लागली आणि तो आरशासमोरून लवकर सरकायला लागला. तेव्हा तिने गुपचूप एकेक शर्ट उसवून कॉलरी लहान केल्या. आधी पंधरा. मग साडेचौदा. गळ्याचा गोल आधीच कोरलेला, त्याला बारीक चुण्या घालून आत घ्यावं लागलं. कमी करता येत नाही, असं पोरींना सांगणारी ती, तिने ते करून दाखवलं. आरसा खोटं बोलायला लागला. आईला आणखी काय करता येतं?

हे आठवत ती शिवत होती, मधेच काजवालीशी बोलत होती, कडेच्या खिळ्यांवर लटकणारे एकेका मापाच्या कॉलरीचे पुठ्ठ्याचे नमुने काढत, ठेवत होती. कॉलर झाली, गळा कोरला, चढवली. टोकं सुईसारखी. मास्तरांनी शर्ट उजेडात धरला. "मावशी, हात अजून तोच आहे," ते म्हणाले.

लग्नाच्या आदल्या दिवशी नवरदेव छोटा टेंपो घेऊन सामान न्यायला आला. सामान कितीसं? दोन पेट्या, मुंगीची गादी आणि खेळणी. डबा मुंगीने स्वतःच खिडकीत ठेवला. "हा इथेच. मला रविवारी लागेल," असं तिने टेंपोवाल्याला दटावून सांगितलं. शेवटची पेटी उचलायच्या आधी सासूने शर्ट त्याच्या हातात दिला. तो कागद न फाडता उघडायला लागला. जाड बोटांना ते जमेना, तरी त्याने फाडला नाही.

"तुम्ही केलात?"

"सगळ्यांनी मिळून केला. माझी फक्त कॉलर."

त्याने शर्ट छातीशी धरून पाहिला. सुनेकडे पाहिलं. "उद्या हाच घालतो. तो दुकानातला राहू दे."

"अहो, तो कालच इस्त्री करून आणलाय ना?" सून म्हणाली.

"राहू दे गं. हा बघ तरी." मग तो म्हातारीकडे वळला. तिला काय म्हणायचं हे त्यालाही ठरवता आलेलं नव्हतं. "मावशी," तो म्हणाला, "मला कुणी शर्ट शिवून दिलेला नाही कधी."

त्या संध्याकाळी रिकाम्या खोलीत तिला वाटलं होतं तेवढं रिकामं वाटलं नाही.

लग्न सरकारी कचेरीत होतं. लांबट खोली, भिंतीला लागून बाकं, वर करकरणारा पंखा, सह्या घेणारा कारकून आणि पुढच्या जोडप्याची बाहेर चाललेली कुजबुज. दोन्हीकडची मिळून दहा-बारा माणसं. तो आला तेव्हा शर्ट त्याच्या अंगावर होता. खांदे बरोबर. बाही मनगटावर नेमकी. छातीला कुठे ओढ नाही. वरचं बटण उघडं होतं आणि टाय घडी करून खिशात. तिला वाटलं, उकडत असेल.

सह्या झाल्या. फोटोवाल्याने दोघांना खिडकीशी उभं केलं. "नवरदेव, टाय घाला की. वरचं बटण लावा, फोटो काय रोज काढता?"

"असू द्या."

"अहो, लावा, लावा. एक मिनिटाचं काम."

त्याने हात वर नेले. काज एका बाजूला, बटण दुसऱ्या बाजूला. त्याने मान ताणली, हनुवटी वर केली, चेहरा लाल झाला. दोन्हींच्या मधे अंगठ्याएवढी जागा राहिली. लोक पाहत होते. कारकूनही पाहत होता.

"मला गळ्याशी बांधलेलं चालतच नाही हो," तो म्हणाला आणि हसला. "लिफ्टच्या खड्ड्यात उतरणारा माणूस मी. गळ्यात काही अडकलं तर वरच जायचा."

माणसं हसली. फोटोवाला म्हणाला, "बरं, तसाच." आणि तिने, खोलीच्या दुसऱ्या टोकाला उभ्या असलेल्या तिने, ती अंगठ्याएवढी जागा पाहिली आणि तिला ती मोजावी लागली नाही. एक इंच. समोर साडेसोळाच्या गळ्यावर साडेपंधराची कॉलर होती. इतकी सुंदर कॉलर तिने कित्येक वर्षांत केली नव्हती.

फळीवर खडूने लिहिलेलं होतं. मास्तरांना वाचून दाखवलं होतं. हाताने तरीही खिळ्यावरचा दुसराच पुठ्ठा काढला होता, आणि गळाही त्याच मापाने कोरला होता, म्हणून शिवताना कुठे काही अडलंच नाही.

सून नवऱ्याची कॉलर नीट करायला पुढे झाली. तिचं बोट पट्टीच्या आतून फिरलं आणि थांबलं. सात वर्षं तिने त्या मापाच्या कॉलरींना इस्त्री केली होती. तिने मान वळवून सासूकडे पाहिलं.

सगळे बाहेर निघाले तेव्हा पाण्याच्या नळाशी त्या दोघी क्षणभर एकट्या सापडल्या.

"साडेपंधरा?" सुनेने विचारलं.

सासूने मान डोलावली.

"आजच्या दिवशी तरी नको होतं, आई."

"अगं, मी मुद्दाम नाही…"

"तेच तर. मुद्दाम केलं असतंत तर भांडले असते." तिने ओंजळभर पाणी तोंडावर मारलं, पुसलं, आणि हसऱ्या चेहऱ्याने बाहेर गेली.

पहिल्या रविवारी मुंगी आली नाही. तिला ताप होता, असा निरोप आला. दुसऱ्या रविवारी निरोपही आला नाही. कॉलरमावशीने दोन्ही रविवारी खोली झाडली, डब्यावरची धूळ पुसली आणि जिन्यावर पाऊल वाजलं की दाराकडे पाहिलं. पावलं वरच्या मजल्यावर जात.

"फोन कर," काजवाली म्हणाली.

"काय म्हणू?"

"म्हण, गळा चुकला. कारखान्यात चुकतो तेव्हा म्हणतेसच ना?"

"कारखान्यात पैसे कापतात नि मोकळं करतात."

 काजवालीने आपल्या डब्यातलं अर्धं हिच्या डब्यात टाकलं. हिने ते खाल्लं नाही. मास्तरांना सगळं कळलं होतं. त्यांनी एक दिवस गुपचूप तो साडेपंधराचा, झिजलेल्या कडांचा पुठ्ठा खिळ्यावरून काढला आणि कुठेतरी ठेवून दिला. तिच्या ते लगेच लक्षात आलं. खिळा रिकामा दिसत होता. 

तिसऱ्या रविवारी दुपारी सून आली, एकटीच. हातात पिशवी.

"मुंगी?"

"मैत्रिणीच्या वाढदिवसाला गेलीय. नव्या शाळेतली मैत्रीण." सून जुन्या जागी, खिडकीखालच्या स्टुलावर बसली.  मग खाली बघत म्हणाली, "आई, दर रविवारी नाही जमायचं. महिन्यातून एकदा आणते."

म्हातारीने खिडकीतल्या डब्याचं झाकण नीट बसवलं.

"ह्यांनी काही म्हटलेलं नाही. ते उलट विचारतात, आजीकडे का नेत नाहीस. मीच म्हणतेय. मुंगी अजून रोज विचारते, घरी कधी जायचं. मी म्हणते, हेच घर. तर म्हणते, हे नाही गं, आपलं. तिला ते आपलं वाटू दे आधी. इथे आणली तर परत नेताना…" तिने वाक्य सोडून दिलं. "तुम्हीच सांगा, मी चुकतेय का?"

चुकत नव्हती. तेच वाईट होतं. स्वतःच्या लेकरासाठी म्हातारीनेही एकदा आरशाला खोटं बोलायला लावलं होतं. ती कुठल्या तोंडाने काय सांगणार?

"नाही चुकत," ती म्हणाली. "पिशवीत काय आहे?"

सुनेने शर्ट काढला. धुतलेला, घडी केलेला. "घालायचा म्हणतात. वरचं बटण उघडं ठेवून दोनदा घातलासुद्धा. म्हणतात, मावशींना म्हणावं सवडीने गळा करून द्या, घाई नाही."

"कापड उरलेलं नाही ह्यातलं."

"दुसरं कसलंही लावा. त्यांना काय कळतंय?"

तिने ट्रंकेतून पांढरं कापड काढलं आणि मशीनपाशी बसली. आधी कॉलर उसवायची. टीप बारीक घातलेली, पातं जपून चालवावं लागत होतं. सून समोर बसून उसवलेले दोरे उचलत होती, मुंगीसारखी.

"तुम्ही शेवटी शेवटी मुंगीच्या बाबाच्या कॉलरी लहान करत होतात ना," ती एकाएकी म्हणाली.

पातं थांबलं. "तुला माहीत होतं?"

"त्यालाही माहीत होतं. पहिल्याच वेळी कळलं. चुण्या मानेला लागायच्या त्याच्या." सुनेने दोरा बोटाला गुंडाळला. "मला म्हणाला, आईला सांगू नकोस. तिला वाटू दे मला कळलं नाही."

 म्हातारीने चष्मा काढला, पदराने पुसला, परत घातला. काच स्वच्छच होती. मग तिने उरलेले टाके उसवले. निळसर कॉलर गळ्यापासून सुटून हातात आली. ती तिने मशीनच्या कडेला ठेवली. खडूने नवा गोल काढला आणि कात्री घेतली. कात्री गळ्याला लावायच्या आधी तिचा हात क्षणभर तसाच राहिला. वाढवलेला गळा परत कमी करता येत नाही. मग तिने कापलं.

पांढरी कॉलर फार वेळ घेत नाही. रेघांच्या निळसर शर्टावर ती ठिगळासारखी दिसेल असं तिला वाटलं होतं. तशी ती दिसलीही थोडी. जुन्या पट्टीवरचं बटण तिला काढवेना आणि दुसरं घरात मिळेना. शेवटी तिने खिडकीतला डबा उघडला, आणि चिंध्यांतून, दोऱ्यांतून शोधून बाकीच्यांशी जुळणारं एक काढलं.

"मुंगीला सांग, एक घेतलंय म्हणावं. मोजून ठेवते ती."

"सांगते."

सुनेने शर्ट घेऊन पट्टीवरून बोट फिरवलं. सवयच तिला. एका जागी ते थांबलं. "इथे जाड का लागतंय?"

"आत कापड राखलंय थोडं. बटण आत्ता अलीकडे लावलंय, पुढे सरकवता येईल." म्हातारी मशीनवरचे दोरे हाताने गोळा करत होती, वर न पाहता. "चाळिशी उलटली की पुरुष गळ्यात भरतात. भरले पाहिजेत. घट्ट झाला की घेऊन ये. तुला नाही जमलं तर त्यांना पाठव."

सून दारात उभी राहिली.  तिने शर्टाची घडी परत एकदा नीट केली, पांढरी कॉलर वर येईल अशी. "पुढच्या महिन्यात पहिल्या रविवारी आणते मुंगीला," ती म्हणाली.

"आण."

जिन्यावरून पावलं खाली गेली. ह्या इमारतीत लिफ्ट नव्हती, त्यामुळे ती कधी बंद पडणार नव्हती आणि दुरुस्तीच्या निमित्ताने कुणी येणारही नव्हतं. साडेपंधराची कॉलर मशीनच्या कडेला तशीच पडली होती, टोकं सुईसारखी. सुनेने ती मागितली नव्हती, हिने दिली नव्हती. ती तिने उचलली, पत्र्याच्या डब्यात बटणांच्या वर ठेवली, झाकण लावलं, आणि डबा खिडकीत होता तिथेच, मुंगीच्या हाताला लागेल इतक्या खाली, परत ठेवला.